पांढरी एक

रविराज ढवळेला वाजवता येत नाही, असं कुणी म्हणालं असतं तर लोकांनी त्यालाच वेड्यात काढलं असतं. वडगाव रासाईचा हा गडी गेली वीस वर्षं जॅझ वाजवत होता, पुण्यात, गोव्यात, दिल्लीत. शिवाय सात वेबसिरीज आणि चार चित्रपटांचं पार्श्वसंगीत त्याच्या नावावर होतं. अंधारा जिना, करकरणारं दार, मागून येणारी पावलं असा प्रसंग असला की निर्माते डोळे झाकून त्यालाच बोलवायचे. लोकांना घाबरवण्यात त्याचा हात धरणारं कुणी नव्हतं. आणि हा माणूस स्वतः वीस वर्षं एका बटणापायी भीत भीत जगत होता, हे मात्र त्याच्या घरच्यांनाही ठाऊक नव्हतं.

त्या बटणाचं आधीच सांगून टाकलेलं बरं. रविराज पंधरा वर्षांचा असताना शिरूरच्या पोपटरावांनी त्याला आपल्या ऑर्केस्ट्रात कीबोर्डवर बसवलं. लग्नसराई तोंडावर आलेली, जुना वादक ऐनवेळी दुसऱ्या पार्टीत पळालेला आणि शिकवायला हातात चार दिवस. पोपटरावांनी सगळी गाणी एकाच पट्टीत शिकवली, पांढरी एक. म्हणजे पेटीवरच्या पहिल्या पांढऱ्या पट्टीला सा धरायचा आणि तिथून सगळं वाजवायचं.

"आन् गाणारा वरच्या पट्टीत गायला तर?" रविराजने विचारलं होतं.

पोपटरावांनी कीबोर्डवरचं ट्रान्सपोजचं बटण दाखवलं. "ह्ये दाबायचं. बोटं हाय तिथंच ठिवायची, सूर आपसूक वर जातोय. सगळे असंच वाजवत्यात. तू काय येगळा लागून गेलास?"

खोटं नव्हतं ते. मांडवात आणि जत्रेत वाजवणारे निम्मे गडी असेच शिकलेले. पण ते मांडवातच राहिले आणि रविराज तिथून उठला. रांजणगावच्या एका कंपनीत शिफ्ट करताना त्याला धम्मदीप भेटला. धम्मदीपचे वडील बँडमध्ये होते, त्यांचा सॅक्सोफोन याच्या वाट्याला आलेला. कंपनीच्या बसमध्ये दोघं एकाच इयरफोनचं एकेक टोक कानात घालून जॅझ ऐकायचे आणि सुट्टीच्या दिवशी ऐकलेलं वाजवून बघायचे. रविराजचा कान इतका तयार की एकदा ऐकलेलं त्याच्या बोटांतून निघायचंच. पण निघायचं ते पांढरी एकमध्ये. गाण्यात मध्येच पट्टी बदलायची असली की डाव्या हाताची करंगळी गुपचूप बटणावर जायची आणि अर्ध्या मात्रेत परत यायची. ही चोरी सफाईने जमावी म्हणून त्याने जेवढी मेहनत घेतली, तेवढ्यात बाकीच्या अकरा पट्ट्या शिकून झाल्या असत्या.

आज शिकू, उद्या शिकू करता करता नाव झालं. नाव झालेल्या माणसाने कुणाकडे जाऊन म्हणायचं, की मला पहिल्यापासून शिकवा? कुठे खराखुरा पियानो समोर आला की रविराजची पाठ दुखायची. 'मला माझ्याच कीबोर्डची सवय आहे' असं तो सांगायचा आणि लोक ते कलावंताची लहर म्हणून कौतुकाने चारचौघांत सांगायचे. चित्रपटांचं काम तर दार लावून कॉम्प्युटरवर व्हायचं. तिथे त्याला विचारणारं कुणी नव्हतं.

अडलं ते साधनाच्या चित्रपटाशी. साधना दिग्दर्शक. तिच्या दोन सिनेमांना रविराजनेच संगीत दिलेलं. तिसरा सिनेमा दौंडमधला, रेल्वेच्या माणसांचा. त्याचा शेवट तिला स्टेशनजवळच्या एका जुन्या क्लबच्या हॉलमध्ये घ्यायचा होता, कारण तिथे साहेबाच्या काळातला पियानो होता. चार मिनिटांची एक चाल. पियानोवर स्वतः संगीतकार, शेजारी धम्मदीपचा सॅक्सोफोन, समोर दोनशे खरेखुरे दौंडकर, आणि वाजेल तेच चित्रपटात जाणार. साधनाने हे परस्पर पत्रकारांसमोर जाहीर केलं. रविराज शेजारच्याच खुर्चीत होता. तो हसला. 

चाल काळी चारमध्ये होती, म्हणजे चौथ्या काळ्या पट्टीला सा धरून. पट्टी बदलण्याची सोय नव्हती, कारण त्याआधी नायिका तीच चाल गुणगुणते, ते मे महिन्यातच चित्रित आणि ध्वनिमुद्रित झालं होतं. तिचा आवाज थांबतो तिथूनच पियानोने उचलायचं. अर्धा सूर इकडेतिकडे झाला तरी जोड उघडा पडला असता.

मग रविराजने तीन महिने वडगावच्या घरी मागच्या खोलीत काढले. जुना कीबोर्ड आणला, बटणावर चिकटपट्टी लावली आणि एवढी एकच चाल, एवढ्या एकाच पट्टीत, रोज चार-चार तास घोटली. समजून नव्हे. हे बोट इथून उचलायचं, ते तिथे टाकायचं, एवढंच. पाढे पाठ केल्यासारखं. शेवटी शेवटी डोळे मिटून यायला लागलं, तेव्हा त्याला वाटलं, सुटलो.

डिसेंबरातली सकाळ होती. उसाच्या ट्रॅक्टरांमागून हळूहळू गाडी काढत तो भीमेच्या पुलावरून दौंडला आला, तेव्हा त्याची बोटं स्टिअरिंगवरसुद्धा तीच चाल वाजवत होती.

हॉलमध्ये हरिबा एकटेच होते. हरिबा म्हणजे रेल्वेच्या डब्यांच्या दुरुस्तीतून निवृत्त झालेले फिटर. वय बहात्तर. शिरूर-दौंडकडच्या भजनी मंडळांच्या पेट्या त्यांच्याकडेच दुरुस्तीला यायच्या, आणि या पियानोला गेल्या चाळीस वर्षांत हात लागला असेल तर त्यांचाच. आठ दिवस ते त्याच्या पोटात डोकं घालून बसले होते. रविराजला बघून ते लगबगीने उठले आणि स्टुलावरची धूळ स्वतःच्या उपरण्याने पुसायला लागले.

"बसा, साहेब. सूर बघा. तुमच्यावानी माणूस ह्याच्यावर बसणार म्हनून जीव लावून केलंय."

रविराज बसला. त्याने काळी चारवर बोट ठेवलं आणि दाबलं. सूर गोड होता, पण तो नव्हता. नायिकेचा सूर त्याच्या कानात तीन महिने पक्का बसला होता. हा त्याच्या खालचा होता.

"उतरलाय का हा?"

"व्हय, अर्ध्या सुरानं. मुद्दामच उतरवलाय," हरिबा म्हणाले. "तारा लई जुन्या हायेत. वर ताणल्या असत्या तर तटातट तुटल्या असत्या. म्हनून सगळाच पियानो सारखा खाली घेतला. आपसात एकदम बरोबर हाय. तुम्ही फकस्त काळी चारच्या जागी पांढरी सहा धरा, की झालं. ह्या शूटिंगवाल्या पोरांना म्हणलं हुतं, साहेबांना फोन करून सांगा. तर ती म्हणली, येवढ्या मोठ्या कलाकाराला त्यात काय सांगायचं."



पांढरी सहा. दिसायला शेजारचीच पट्टी, पण तिच्यावरून सुरू केलं की पुढची प्रत्येक जागा बदलते. काळ्याच्या जागी पांढरी, पांढरीच्या जागी काळी. ज्याला बारा पट्ट्या येतात त्याला हे पाणी पिण्यासारखं. रविराजला नवीन घोटायला तीन महिने लागले असते, आणि हातात सात तास होते. त्याने एकदा प्रयत्न करून बघितला. दुसऱ्याच सुराला बोट भलतीकडे पडलं. हरिबांनी आदराने दुसरीकडे बघितलं, मोठा माणूस काहीतरी वेगळं शोधत असेल म्हणून.

आता काय होणार ते त्याला चित्रपटासारखं दिसायला लागलं. दोनशे माणसं. चार कॅमेरे. दुसऱ्या सुराला अडखळलेला रविराज ढवळे. कुणाच्या तरी मोबाईलवर ते निघणार, आणि उद्या दुपारपर्यंत सगळीकडे जाणार. वीस वर्षं बटण दाबत होता म्हणे.   पळून जावं असं त्याला खरंच वाटलं, गाडीची किल्लीही त्याने चाचपून बघितली. तेवढ्यात दारातून साधना आत आली.

"कसा आहे पियानो?" तिने विचारलं.

आणि रविराजच्या तोंडून निघून गेलं, "जमणार नाही, साधना. बेसूर आहे."

हरिबांचा हात उपरण्यावरच थांबला.

"बेसूर? कुठं, साहेब?"

आता मागे फिरायची वाट नव्हती. रविराजने मधला सा दाबला, मग वरचा सा. दोन्ही सूर एकमेकांत असे मिसळले, की त्यांच्यात केस शिरला नसता. "हे बघा, मामा," तो म्हणाला, "जुळत नाहीत हे. वरचा चढलाय."

"चढलाय?"

"चांगलाच."

हरिबांनी स्वतः दोन्ही पट्ट्या दाबल्या. कान पियानोला टेकवला. पुन्हा दाबल्या. साधनाला सुरातलं काही कळत नव्हतं, ती आलटून पालटून दोघांच्या तोंडाकडे बघत होती. म्हाताऱ्याच्या कपाळावर घाम आला होता. "मला तर एकच वाटतोय," ते हळूच म्हणाले.

"नाही हो, मामा," रविराज म्हणाला. आवाज जेवढा मऊ करता येईल तेवढा त्याने केला होता. खोटं बोलताना तसा तो होतोच.

साधनाने मग फार वेळ घालवला नाही. पियानो कॅमेऱ्याला दिसेल असाच ठेवायचा, त्याच्या आडोशाला रविराजचा कीबोर्ड लावायचा, सूर कीबोर्डचा घ्यायचा. जरा मन मोडलं तिचं, पण काम अडायला नको. जाता जाता ती आपल्या सहायकाला म्हणाली, "चूक आपलीच. एवढ्या वयाच्या माणसावर सोडायला नको होतं." ती हळू बोलली, पण रविराजला ऐकू गेलं. हरिबांनाही ऐकू गेलं असणार, कारण त्यांचे कान चांगले होते.

दुपारी धम्मदीप आला. त्याने सवयीने पियानोचं झाकण उघडलं, दोन-चार पट्ट्या दाबल्या, जरा थांबून पुन्हा दाबल्या. मग त्याने रविराजकडे बघितलं. रविराज वायर सोडवण्यात गढून गेल्यासारखा खाली वाकला.  धम्मदीप झाकण बंद करून आपला सॅक्सोफोन जोडायला निघून गेला. वीस वर्षांच्या दोस्ताचं ते न बोलणं रविराजला इतकं लागलं, की त्याला जेवण गेलं नाही.

तरी वेळ मारून नेली होती. चार वाजता तालीम झाली. बटण दाबलं, बोटं पांढरी एकवर ठेवली, आणि चाल अशी वाजली की दिवे लावणारी माणसंसुद्धा हातातलं काम टाकून ऐकत राहिली. साधनाने डोळे पुसले. भीती जायला हवी होती. पण ती गेली नव्हती, नुसती जागा बदलून बसली होती. मघाशी पितळ उघडं पडेल म्हणून तो घाबरत होता. आता कशाला घाबरतोय हे त्याला नीट सांगता येईना. हरिबा कुठे दिसत नव्हते, एवढंच त्याला सारखं जाणवत होतं.

साडेपाचला माणसं यायला लागली. रविराज हवा खायला म्हणून मागच्या दाराने बाहेर पडला, आणि पायरीवर हरिबा बसलेले दिसले. शेजारी अवजारांची पिशवी. हातात सूर लावायचा लोखंडी काटा. तो काटा गुडघ्यावर आपटायचा, कानाशी धरायचा, ऐकायचं, पुन्हा आपटायचा. असं त्यांचं चाललं होतं. रविराजला बघून ते ओशाळले.

"ह्यो ऐकू येतोय, साहेब," ते म्हणाले. "दोन्ही कानांनी येतोय. मग ते कसं न्हाई आलं?"

रविराज दोन पायऱ्या उतरून त्यांच्यासमोर उभा राहिला.

"आमची रंगूबाई दोन वर्सं झाली म्हणतीय, तुम्हाला कुकरची शिट्टी ऐकू येत न्हाई म्हनून. मी म्हणायचो, तू शिट्ट्या मोज, मी सूर मोजतो. हसण्यावारी न्यायचो. पण खरंच असणार. तुमच्यावानी माणूस कशाला उगाच बोलंल?" त्यांनी काटा पिशवीत टाकला. "घरी चार मंडळांच्या पेट्या पडल्यात. आत्ताच फोन करून सांगितलं त्यांना, घिऊन जावा, दुसरा माणूस बघा. बेसूर पेटी दिली आन् तिच्यावर भजन झालं, तर पाप लागंल मला. एक मात्र इचारायचं हुतं तुम्हाला. ह्ये कधीपास्नं झालं असंल? म्हंजी मागं दिलेल्या पेट्या बी अशाच गेल्या असतील का?"

त्यांच्या डोळ्यांत जी भीती होती ती रविराजच्या चांगल्या ओळखीची होती. सकाळी ती त्याच्याच पोटात होती. ती त्याने काढून या माणसाला दिली होती. आतून साधनाचा माइकवरचा आवाज आला, ती लोकांचं स्वागत करत होती.  अजूनही काही न बोलता आत जाता आलं असतं. म्हातारा घरी गेला असता, पेट्या परत केल्या असत्या, आणि कुणाला कधी काही कळलं नसतं. रविराज एक पायरी वर चढलासुद्धा.

मग तो थांबला. मागे न बघताच म्हणाला, "मामा, तुमचं कान चांगलं हायेत."

"आता समजूत नका घालू, साहेब."

"समजूत न्हाई घालत. पियानो सुरात हाय. मी खोटं बोललो." गावची बोली कित्येक वर्षांनी त्याच्या तोंडात आपोआप आली होती. "मला पांढरी एक सोडून काय बी येत न्हाई. कीबोर्डला बटण असतंय, त्येच्यावर निभावतो. ही एक चाल काळी चारमधी पाठ केलती, तर तुम्ही पियानो उतरवला. मी घाबरलो, आन् तुमच्यावर ढकललं."

हरिबांना ते कळायला वेळ लागला.  मग पिशवीतून काटा पुन्हा बाहेर काढून त्यांनी गुडघ्यावर आपटला, कानाशी धरला, आणि त्यांचा चेहरा एकदम सैल पडला. रविराजला वाटलं, आता ते रडतील. पण ते उठून उभे राहिले आणि त्यांचा आवाज चढला.

"सकाळपास्नं मरणाची भीती घातलीस मला. बायकोला काय सांगू, लोकांना तोंड कसं दावू, ह्याच इचारात हाय मी. आन् ह्ये तू मला हितं मागल्या दारात सांगतोस व्हय? त्या बाईपुढं मला भैरा ठरवलास. सगळ्या पोरांपुढं ठरवलास. तिथं सांग जा."

"मामा, आत दोनशे माणूस हाय."

"आसंना. माझी अब्रू कुठं एकट्यात गेली?"

 रविराज आत गेला.  साधना माइकवर त्याचं नाव घेत होती, टाळ्या पडत होत्या, चारही कॅमेऱ्यांवरचे लाल दिवे लागले होते. तो कीबोर्डकडे न जाता तिच्याजवळ गेला आणि त्याने माइक मागून घेतला. तिला वाटलं, तो आभार मानणार.

"हा पियानो हरिबामामांनी आठ दिवस बसून लावलाय," तो म्हणाला. आवाज थरथरत होता आणि स्पीकरमधून ती थरथर हॉलभर मोठी होऊन ऐकू येत होती. "तो सुरात आहे. बेसूर आहे असं मी सकाळी सांगितलं, ते खोटं होतं. मला या पट्टीत वाजवता येत नाही. मला एकाच पट्टीत येतं. आजवर मी बटण दाबून वाजवत आलो."

 पुढच्या रांगेत कुणीतरी हसलं, विनोद समजून. साधनाचा चेहरा पांढरा पडला होता. हातांतले मोबाईल वर जायला लागले होते, रविराजला ते एकेक करून दिसत होते. त्याने माइक खाली ठेवला, पियानोचं झाकण उघडलं आणि स्टुलावर बसला. धम्मदीपने काही न विचारता सॅक्सोफोन तोंडाला लावला आणि तो वाट बघत उभा राहिला.

रविराजने पांढरी सहावर बोट ठेवलं आणि दाबलं. नायिकेचा आवाज जिथे थांबतो, बरोबर तोच सूर निघाला, जराही वर नाही, जराही खाली नाही. मागच्या दाराशी उभ्या हरिबांनी तो ऐकला आणि त्यांची मान हलली. पुढचा सूर कुठे आहे, ते रविराजला ठाऊक नव्हतं.